भुजलीचं नाव घेत नसतात

चांदा
१९ जून १९५५

भुजली,

नाई, तुझं हे म्हणणं मले मुळीच पटलं नाई. सोबत खेळून दोस्ती होत नसते म्हणतेस, तर मंग आपली कशी झाली? गावच्या शाळेमागच्या चिंचेखाली बिल्लस खेळता खेळताच झाली ना? मंग श्रावणात आपण द्रोणात गहू पेरले, अंधाऱ्या खोलीत झाकून ठेवले, राखीच्या दुसऱ्या दिवशी तळ्यावर नेऊन ते पिवळे कोंब एकमेकींच्या कानावर खोचले. त्या दिवसापासून तू माझी भुजली आन मी तुझी. मंग ना तू माझं नाव घेतलं, ना मी तुझं. मी अजूनही पाळते. लिफाफ्यावर 'जैनब, कय्यूमभाई बांगडीवाल्याची घरवाली' असं लिहावंच लागते, नाईतर एटापल्लीच्या जंगलात पोस्टमन पत्र कोणत्या झाडाले देईल? पण ते मी शकूच्या हातून लिहून घेते.

शकू म्हणजे रुखमा आत्याबाईची नात. तिचा बाप डोमाभाऊ सिरोंच्याले जंगल खात्यात आहे, म्हणून पोरगी शाळेसाठी आजीजवळ राहते. आन मीही आत्याबाईकडेच राहते याचा तुले राग आहे, मले मालूम आहे. पण नागपूरच्या इंग्रजी शाळेत शिकून आलेल्या, मास्तरीण झालेल्या, लग्न न झालेल्या पोरीले चांद्यात कोण खोली देते, सांग? सख्खी आत्या आहे म्हणून आमच्या बाबांनी इथी ठेवलं.

आता माझी आयडिया ऐक. दर रविवारी शाळेच्या अंगणात मी 'रविवार मंडळ' सुरू केलं आहे. हिंदूच्या पोरी, मुसलमानाच्या पोरी, सगळ्या एकत्र. लंगडी, चिंचोके, गोष्टी, आन शेवटी पेरू. सगळ्यात मोठी गोष्ट म्हणजे पाण्याचा माठ एक. मी कोणाले काही समजावून सांगत नाई, फक्त खेळून खेळून तहान लागू देते. तुझी बहीण जमीला पहिल्या रविवारपासून येते. शकूची आन तिची अशी गट्टी जमली आहे की दोघी एकाच पेरूले दोन्हीकडून चावतात. तूच पाहा, वर्षभरात या गल्लीचा रंग बदलतो का नाई.

तुझे बाबा बरे आहेत. खोकला आहे, पण कल्हईची भट्टी रोज पेटते.

तुझी भुजली

*

एटापल्ली
५ जुलै १९५५

भुजली,

तुझं पत्र डाकवाल्या लालसूनं आणून देल्लं. नाला भरला होता, लिफाफा डोक्याले बांधून आला बिचारा. मले वाटलं काई भारी खबर असंल. वाचलं तर पेरू.

एका माठातलं पाणी पिलं की दोस्ती होते म्हणतेस. त्या दिवशी तळ्याचं पाणी तर एकच होतं ना वं?

तुले बिल्लस आठवते. तू तिथपर्यंतच आठवतेस, पुढचं माझ्यावर सोडून देतेस. मी सांगते म्हणजे तुझ्या मंडळाच्या पोरींले गोष्ट सांगाले कामी येईल. तुझी आत्याबाई तवा गावातच राहत होती, ती पाण्यात उतरली आन माझ्या कानावरचे कोंब ओढले. बाळीसकट ओढले. कान फाटला. तुले घरी नेऊन गोमूत्रानं न्हाऊ घातलं आन नागपूरले मामाकडे धाडून देल्लं. तुले इंग्रजी शाळा भेटली. माझ्या बाबाची कल्हईची भट्टी गावातून उठली, पोट्टीनं हिंदूची पोट्टी बाटवली म्हणून. बाबा सामान डोक्यावर घेऊन चांद्याले आला, आन जटपुऱ्यात फुटक्या टिनाखाली बसला. माझ्या निकाहात मी एकाच कानात बाळी घातली. कय्यूमच्या मायनं ओढणी पुढं ओढून देल्ली, कोणाले दिसू नये म्हणून. रोज वेणी घालताना माझा हात तिथी जाते. रोज, भुजली.

आन मजा पाहा. तिच्या घरचं पितळ आजही माझ्याच बाबाकडे कल्हईले येते. भांडं चालते.

तुले माझ्यासाठी काई कराचंच असंल तर पेरू वाटू नको. तिनं जे तोडलं ते तिच्याच हातानं बांधून घे. तिची नात आन माझी बहीण. तिच्या बोटांनी कोंब खोचले पाहिजेत. मंग एक दिवस तिच्या साऱ्या जातीसमोर सांगू. तवा मी मानीन तू माझी भुजली हाय.

जैनब नाई, तुझी भुजली

*

चांदा
१८ जुलै १९५५

भुजली,

तुझं पत्र वाचून मी पहिले रागावली. वाटलं, मी पोरींची मनं जोडून राह्यली आन तुले सूड सुचते. उत्तरही लिहिलं होतं चार पानी, खूब शहाणपणाचं. ते फाडलं.

काल रविवार होता. कोणीतरी आत्याबाईच्या कानावर घातलं की मंडळात सगळ्या जातीच्या पोरी एका माठातून पितात. तिले मोतीबिंदूमुळं धड दिसत नाई, पण काठी टेकत टेकत शाळेत आली. पोरी खेळत होत्या त्या जागच्या जागी उभ्या राह्यल्या. काठीनं चाचपत माठापर्यंत गेली आन एकाच दणक्यात फोडला. मले म्हणाली, "तुले एकदा नागपूरले धाडून काही फरक नाई पडला." शकूचं मनगट धरून घरी नेलं, अंगणात बसवून डोक्यावर गोमूत्र ओतलं. पोरगी थरथरत होती आन मी खांबाजवळ उभी होती. मले तेव्हा कळलं की अशी पाहत मी पहिल्यांदा उभी नाई, तुझा कान फाटला तेव्हाही अशीच उभी होती.

जमीलानं जाता जाता माठाचं एक खापर उचललं, ओढणीत बांधून घरी नेलं.

तर मी तयार आहे. पेरूबिरू बंद. नागपंचमीले गहू पेरते, शकूचे आन जमीलाचे, दोघींचे माझ्याच खोलीत, माझ्या पलंगाखाली. आत्याबाईले एवढंच सांगतलं की शकूले भुजली करायची आहे, शाळेतली एक पोरगी आहे. आपण चोरून केलं म्हणून एकमेकींले खोचले होते, पण रीतीनं कोंब मोठ्या बाईनं खोचावे लागतात, आन गल्लीत तीच सगळ्यात मोठी. ती किती खूश झाली म्हणून सांगू. म्हणे, एवढं शिकून तुले रीत आठवली.

तुझी भुजली

*

चांदा
६ ऑगस्ट १९५५

भुजली,

झालं. तिच्या हातानं झालं.

रामाळा तळ्याच्या पायऱ्यांवर एवढ्या पोरी होत्या की पाणी दिसत नव्हतं. जमीलाले मी शकूचा जुना परकर घातला. दोघींचे द्रोण पाण्यात धुतले, माती वाहून गेली, हातात पिवळे कोंब राह्यले. आत्याबाई पायरीवर बसली होती. दोघी समोर वाकल्या. तिनं पहिले शकूच्या कानावर खोचले, मंग जमीलाच्या. हळूच खोचले, भुजली, दुखू नये असे. मले तिच्या त्या बोटांचा असा राग आला.

मंग तिनं जमीलाच्या गालावरून हात फिरवला आन विचारलं, कोणाची वं तू? जमीला तोंड उघडणारच, तेवढ्यात शकूनं तिच्या तोंडावर हात ठेवला.

"आजी, भुजलीचं नाव घेत नसतात."

आत्याबाई हसली. शेजारच्या बायांले म्हणाली, पाहा, आजकालच्या पोरी इतकं कुठी पाळतात. आन मंग तिनं मानानं सगळं समजावून सांगतलं, की आता तिची माय ते तुझी माय, तिचा बाप ते तुझा बाप, तिच्या घरी गोडधोड तर तुझं तोंड गोड, तिच्या घरी सुतक तर आपल्या घरी सुतक. शकू एकेका गोष्टीले मान हलवत होती, पाढे पाठ केल्यासारखी.

तेव्हापासून आत्याबाईनं एकदाही विचारलं नाई. विचारूच शकत नाई. तिच्याच रीतीनं तिचं तोंड बांधलं आहे. आता सांग, केव्हा सांगायचं? मी तर आजच गल्लीत उभी राहून ओरडाले तयार आहे.

तुझी भुजली

*

एटापल्ली
२९ ऑगस्ट १९५५

भुजली,

तू सगळं लिहिलं आन एक लपवलं. कय्यूम माल आणाले चांद्याले गेला होता, त्याले अम्मानं सांगतलं. जमीला घरी आली तवा तिच्या कपाळावर कुंकू होतं. बुढीनं लावलं आन तू पाहत राह्यली.

अम्मा दोन दिवस जेवली नाई. बाबानं तिले समजावलं की पोट्टीच्या कपाळाले रंग लागला, धुतला, संपलं. बाबा असाच हाय, त्याच्या तोंडावर थुकलं तरी तो म्हणते पाऊस आला. पण मी बाबा नाई. मले बदला पाहिजे, पण माझ्या बहिणीले दुसरी कोणी बनवून नको. तिनं परकर घातला, ठीक. कुंकू लागलं तवा तू तिचा हात धराले पाहिजे होता. तू पुन्हा खांबाजवळ उभी राह्यली, बाई.

एवढं बोलली, आता राग संपला.

आन ओरडू नको. गल्लीत ओरडलं तर चार बाया ऐकतील, बुढी म्हणंल दिसत नाई मले, फसवलं, आन दोन दिवसात लोक विसरतील. पिकू दे. बुढी काशीले जाणार म्हणून कय्यूम ऐकून आला. काशीहून आली की गंगापूजन करंल, साऱ्या जातीले पंगत देईल, आपल्या गावचा लटारू पाटील पंच म्हणून पयल्या पानावर बसंल. तोच लटारू, ज्यानं बाबाच्या भट्टीवर पाणी ओतलं. त्या पानावर सांगजो. भात वाढलेला असू दे, तोंडात गेलेला नको.

तुझी भुजली

*

चांदा
१२ नोव्हेंबर १९५५

भुजली,

कुंकवाचं तू म्हणालीस ते बरोबर आहे.

आत्याबाई काशीले गेली. पंगत डिसेंबरात. पण एक विचारते, रागावू नको. आपण हे सोडून दिलं तर?

शकू आता शाळा सुटली की सरळ जटपुऱ्यात जाते. तुझे बाबा भांडं चिमट्यात धरून फिरवतात, आन या दोघी भाता ओढतात, एक थकली की दुसरी. नवसागराचा पांढरा धूर निघाला की दोघी मिळून खोकतात आन हसतात. बाबांचा खोकला मात्र हसण्यासारखा नाई राह्यला. आत्याबाई जाताना म्हणाली, शकूच्या भुजलीसाठी काशीहून लाखेच्या बांगड्या आणते. पोरी खूश आहेत, भुजली. मले जे मंडळात करायचं होतं ते झालं आहे. सांगतलं तर मोडेल.

तुझी भुजली

*

एटापल्ली
२५ नोव्हेंबर १९५५

भुजली,

नाई सोडाचं.

तू म्हणतेस पोट्ट्या खूश हाय. आपणही होतो. बुढी खूश हाय कारण तिले मालूम नाई कोणावर माया करून राह्यली. ज्या दिवशी मालूम पडंल त्या दिवशी ती काय करंल, हे मले पाह्याचं हाय. माझ्या कानाले पाह्याचं हाय.

मले आठवा लागला, बैलगाडीत बसता येत नाई. नाईतर मी स्वतःच आली असती पंगतीले.

तुझी भुजली

*

चांदा
२१ डिसेंबर १९५५

भुजली,

तार पोचली असेल. कय्यूमभाई माल आणायले चांद्यातच होते, म्हणून मातीले वेळेवर पोचले, त्यांनी खांदा दिला. तुझे बाबा बसल्या जागी गेले, भट्टीसमोर, हातात कापसाचा बोळा तसाच. अम्माले लोकांनी आत नेलं. ती आता नवऱ्यामागची इद्दत पुरी होईस्तोवर परक्यासमोर येणार नाई. तू रडत असशील. तुले धरायले मी तिथी नाई, म्हणून बाकीचं लिहिते, जसं झालं तसं.

पंगत दोन दिवसांवर होती. मी ठरवलं की मी गप्प राहीन. बाबांची माती ओली असताना मले ते बोलणं झालं नसतं. तू मले काय म्हणायचं ते म्हण.

शकू मयतीच्या घरी गेली होती, मले मालूम नव्हतं. घरी येऊन विहिरीवर न्हाली, अंथरुणावर न झोपता जमिनीवर झोपली. आत्याबाईले वाटलं, काशीच्या गंगेसाठी पोरगी नेम पाळून राह्यली. सगळ्यांले कौतुकानं सांगत होती.

पंगत बसली. पहिल्या पानावर लटारू पाटील, मंग सगळे पंच. भात वाढून झाला, वरण वाढून झालं. तूप शकूच्या हातात होतं. तिनं पहिल्या पानाजवळ जाऊन तुपाची वाटी खाली ठेवली.

"आजी, जेवण नाई होत आज. आपल्याले सुतक आहे."

लोक हसले. आत्याबाईही हसली. कोणाचं सुतक वं, म्हणाली.

"माझ्या भुजलीचा बाप मेला. तूच सांगतलं होतं ना, तिच्या घरचं ते आपलं."

खरं सांगते, आत्याबाईचा चेहरा तेव्हा मऊ झाला. तिनं हात वर करून पंगत थांबवली. रीत म्हणजे रीत. म्हणाली, पोरगी बरोबर बोलते, थांबा. आन मंग विचारलं, कोणत्या घरचा माणूस गेला? शकू विचारात पडली. तिनं माझ्याकडे पाह्यलं आन मले विचारलं, "बाई, भुजलीचं नाव घेत नसतात, पण तिच्या बापाचं घेतलं तर चालते ना?"

मी मान हलवली.

"इब्राहीमचाचा. जटपुऱ्याचे कल्हईवाले."

लटारू पाटलानं आपलं पान उलटं केलं. भात मातीत गेला. मंग शेजारच्यानं. मंग ओळीनं सगळी पानं उलटी होत गेली. लोक चपला घालून निघून गेले. अंगणात आम्ही तिघी राह्यलो.

आत्याबाईनं मले विचारलं की तुले मालूम होतं का. मी हो म्हणाली. कोंब कोणी लावले, म्हणाली.

"तुम्ही, आत्याबाई. तुमच्याच हातानं."

खोटं काऊन लिहू. गोड वाटलं. इतके महिने ते वाक्य माझ्या तोंडात होतं, आन ते बोलताना खूब गोड वाटलं. तिनं हात उगारला. मी गाल पुढं केला. पण तिनं मले मारलं नाई, शकूले मारलं.

मी त्याच संध्याकाळी पेटी घेऊन शाळेच्या खोलीत राहायले आली.

तुझी भुजली

*

एटापल्ली
१७ जानेवारी १९५६

भुजली,

पोरगा झाला. बाबाचं नाव ठेवलं. तुझं पत्र वाचलं तवा तो पोटात होता. अर्ध्या पत्रापर्यंत मी छाती पिटली, आन पुढच्या अर्ध्यात हसली. कय्यूम घाबरला, त्याले वाटलं माझ्यावर काई आलं. मी त्याले सांगतलं, आलं नाई, गेलं.

पानं उलटी झाली ते पुन्हा पुन्हा वाचलं. लटारू पाटलाचं पान पयलं, हे तू लिहिलं ते बरं केलं. मी जिवंतपणी बाबाले एवढं सुख देऊ नाई शकली. तो मेला आन त्याच्या मयतीनं बुढीची पंगत उठवली. साऱ्या जिंदगीत माझ्या बाबानं कोणाचं वाईट नाई केलं. मेल्यावर एक केलं, आन तेही न बोलता.

शकूले मारलं त्याचं वाईट वाटलं. पण मार भरून येते. कान नाई येत.

बुढीले आता वाळीत टाकलं असंल. पुढं काय झालं ते सगळं लिह. लहान लहान गोष्टी लिह. तिच्या घरी कोण येत नाई, ते नावानं लिह.

तुझी भुजली

*

चांदा
८ फेब्रुवारी १९५६

जैनब इब्राहीम कल्हईवाले हिले रुखमाबाईचा निरोप. माझा डोमा सिरोंच्याहून आला हाय, त्याच्या हातून लिहून धाडून राह्यली.

मी माफी मागत नाई. तुझा कान मी फाडला. त्या दिवशी मले जे बरोबर वाटलं ते केलं, आन आजही कोणी विचारलं तर तेच सांगीन. तू आन माझी भाची, दोघींनी मिळून मले आंधळीले फसवलं. तुमी जिंकल्या. माझ्या उंबऱ्यावर आता कुत्रंही जातीचं पाहून येते.

पंच म्हणतात, पोरीच्या घरच्यांनी लिहून देल्लं की भुजली झालीच नाई, पोट्ट्या खेळत होत्या, तर आमाले परत घेतील. तुझी माय इद्दतीत बसली हाय. घरात मोठी तू. म्हणून तुले सांगून राह्यली.

माझं राहू दे, मी पिकलं पान. शकू विहिरीवर गेली की बाकीच्या पोट्ट्या बादल्या उचलून घेतात. शाळेत तिच्या शेजारी कोणी बसत नाई. उद्या तिले याच जातीत द्याची हाय. तिनं तुझं काय केलं?

तुझ्या बाबाची मयत झाली तवा माझ्या घरात चूल नाई पेटली. पंगत गेली तरी पुरे तेरा दिवस नाई पेटली. सुतक लागलं ते मी पाळलं, कोणाचं का असंना. हे तुझ्यावर उपकार म्हणून नाई सांगत. मालूम असावं म्हणून सांगते.

दोन ओळी लिहून दे.

रुखमाबाई

*

एटापल्ली
२६ फेब्रुवारी १९५६

रुखमाबाई,

भुजली झाली.
तुमच्या हातानं झाली, आन मी जिती हाय तोवर कोणाच्या कागदानं मोडत नाई.

जैनब

*

चांदा
१४ एप्रिल १९५६

भुजली,

तू आत्याबाईले धाडलेल्या दोन ओळी डोमाभाऊनं मले आणून दाखवल्या. मी असती तर काय लिहिलं असतं, खूब दिवस विचार केला. तू लिहिलं ते खरं आहे. एका शब्दानं खोटं नाई. झाली नाई म्हणून लिहिलं असतंस तर या दोघींचं जे आहे ते आपणच पुसलं असतं. म्हणून मले तुले दोष देता येत नाई, आन म्हणूनच मले झोप येत नाई.

तुले लहान लहान गोष्टी पाहिजे होत्या, तर घे. पंचांनी दार बंद केलं. आत्याबाईच्या घरी आता न्हावी येत नाई, पाणक्या येत नाई. होळीले गल्लीतल्या बाया बोंबलत तिच्या दारावरून गेल्या, पण एकीनं रंग नाई टाकला. ती ओट्यावर बसून राहते, आन पावलांचा आवाज आला की मान वर करते. पावलं पुढं जातात. डोमाभाऊ म्हणाला सिरोंच्याले चल, तर म्हणाली, मी पळून जाणार नाई. तुले पाहिजे होतं ते हे आहे. मलेही पाहिजे होतं. वाचून सुख झालं तर लिहून कळव, कारण मले इथी समोर पाहून ते कधी होते, कधी होत नाई.

मंडळ बंद पडल्यासारखंच आहे. हिंदूंनी पोरी काढून घेतल्या, आन जमीलाच्या मोहल्ल्यातल्यांनीही काढून घेतल्या. ते म्हणतात तुमच्या भांडणात आमच्या पोरी नको. हेडमास्तरांनी एकदा बोलावून समज दिली, दुसऱ्यांदा नोकरीच जाईल. तरी रविवारी मी फाटक उघडून बसते. दोघीच येतात. शकू आन जमीला. पहिले मले वाटलं, पाहा, सगळं गेलं पण हे टिकलं. एवढ्यासाठीच तर केलं होतं.

मागच्या रविवारी काय झालं ते सांगते. फाटकाबाहेर एक पोरगी उभी होती. लच्छी, लटारू पाटलाची नात, चांद्यात शिकायले ठेवलेली, शकूच्याच वर्गातली. घरून चोरून आली होती. फाटकाच्या सळया धरून नुसती पाहत होती. जमीलानं तिले पाह्यलं आन उघडायले धावली. शकूनं तिची ओढणी धरून मागं ओढलं.

"ती आत आली तर मी तुझी कोणी नाई."

जमीला म्हणाली, तिले खेळू दे ना, दोघीत लंगडी होत नाई. शकूनं ऐकलं नाई. फाटकाजवळ जाऊन लच्छीले म्हणाली, "तुझ्या आजोबानं पान उलटं केलं. तू तिथीच उभी राह्य."

आन लच्छी खरंच उभी राह्यली. या दोघी खेळल्या. शकू मोठमोठ्यानं हसत होती, लच्छीले ऐकू जावं असं. जमीलाचा पाय सारखा रेषेवर पडत होता. डाव संपला तेव्हा जमीला माझ्याजवळ येऊन बसली आन रडली, आन शकूनं लांबूनच विचारलं, तू कोणाच्या बाजूनं आहेस? भुजली, त्या पोरीच्या तोंडात तो सवाल आला कुठून, ते मी तुले सांगायले नको.

जाताना लच्छीनं मले विचारलं, बाई, मी पुढच्या रविवारी येऊ का? मी म्हणाली, विचारून सांगते.

फाटकाची कडी माझ्या हातात आहे. उघडली तर शकू निघून जाईल, आन तिले जमीलाशिवाय दुसरं कोणी राह्यलं नाई, ते तर आपणच केलं. नाई उघडली तर जमीलाले आयुष्यभर एकाच पोरीची दोस्ती, तीही पाहारा ठेवलेली. तू तिची बहीण आहेस, आन तुझा कान फाटला आहे, म्हणून तुलेच विचारते. गोड लागावं म्हणून नको सांगू, खरं सांग.

लटारू पाटलाच्या नातीले मी आत घेऊ का?

तुझी भुजली